मंडळाच्या जुन्या व्हिडिओ कॅसेट डिजिटल करताना: लोकगायकांसाठी टप्प्याटप्प्याने

स्वतः गाणी बांधणारे, गाणारे अनेक जण आता आपल्या मंडळाच्या जुन्या कार्यक्रमांच्या कॅसेट जपायला लागले आहेत. ठाणे-नवी मुंबईत चेंदणी आणि दिवाळे गावचे कोळीवाडे, घणसोली-कोपरखैरण्याची गावठाणं, कळव्या-मुंब्र्यातली शक्ती-तुऱ्याची मंडळं, वागळे इस्टेटमधल्या चाळींतले भजनी संच, सगळीकडे कुणाच्या ना कुणाच्या पोटमाळ्यावर एक पिशवी असतेच. आणि बहुतेक ठिकाणी चूकही तीच होते. पिशवी उचलून लग्नाच्या शूटिंगवाल्याकडे नेतात, तो ‘सीडी करून’ देतो आणि कॅसेट भंगारात जातात. हातात उरते दाबून लहान केलेली फाइल. कडा कापलेल्या, वर फुलांच्या फ्रेमचं टायटल, आणि दोन गाण्यांमधलं बोलणं ‘कंटाळवाणं’ म्हणून उडवलेलं. तंबोरा जुळवताना बुवांनी नव्या पोराला समजावलेली चाल त्याच बोलण्यात होती.

जुनी कॅसेट नीट चालण्याची खात्री फार तर एका वेळेपुरती धरावी. म्हणून कॅसेट यंत्रात जाण्याआधीचं काम जास्त आहे आणि त्याचा क्रम बदलायचा नाही.

## १. आधी मोजा, ओळखा, नंबर टाका

पिशवी टेबलावर रिकामी करा. ‘जरा बघू तरी काय आहे’ म्हणून एकही कॅसेट यंत्रात घालू नका. प्रत्येकीला ००१ पासून नंबर द्या. नंबर पेन्सिलीने चिठ्ठीवर लिहा आणि चिठ्ठी डबीत ठेवा. कॅसेटवर नवं स्टिकर लावू नका, ते उकलून यंत्रात अडकतं. मग कॅसेट, डबी आणि आतली चिठोरी यांचे मोबाइलवर फोटो काढा. जुनं लेबल चुकीचं वाटलं तरी ठेवा.

आता प्रकार ओळखा. पुस्तकाएवढी मोठी ती व्हीएचएस. गाण्याच्या कॅसेटएवढी पण जाड ती आठ मिलिमीटरची: व्हिडिओ-एट, हाय-एट किंवा डिजिटल-एट. काडेपेटीपेक्षा थोडी मोठी ती मिनीडीव्ही. आठ मिलिमीटरमध्ये एक खोच आहे. डिजिटल-एटचं रेकॉर्डिंग हाय-एटच्याच कॅसेटवर व्हायचं, त्यामुळे लेबलवरून काही कळत नाही. साध्या हाय-एट कॅमेऱ्यात डिजिटल-एटची कॅसेट लावली तर चित्र येत नाही आणि लोक ‘कोरी आहे’ म्हणून बाजूला टाकतात. डिजिटल-एट कॅमेऱ्यात लावून बघितल्याशिवाय आठ मिलिमीटरची कुठलीही कॅसेट कोरी धरू नका. अमेरिकेतल्या मराठी मंडळाच्या दौऱ्याची कॅसेट असेल तर ती एनटीएससी, म्हणजे तिकडच्या टीव्ही पद्धतीची, असू शकते. आपल्याकडच्या पाल पद्धतीच्या यंत्रावर तिचं चित्र फिरतं किंवा काळं-पांढरं दिसतं. ती बिघडलेली नसते.

मंडळाकडची व्हीएचएस बहुतेक वेळा प्रत असते. मूळ शूटिंगची कॅसेट शूटिंगवाल्याकडे राहिलेली असते. तो अजून त्याच भागात असेल तर आधी त्याला गाठा. एका पिढीच्या प्रतीत रंग पसरतात आणि चेहऱ्यावरचे बारकावे जातात. ते नंतर कुठल्याही सॉफ्टवेअरने परत येत नाहीत.

कामाचा क्रम असा धरा: जगात एकच प्रत असलेलं रेकॉर्डिंग आधी, मग मिनीडीव्ही, मग बाकीच्या. मिनीडीव्ही वर घ्यायची कारण डिजिटल फीत हळूहळू फिकी होत नाही. एक दिवस चौकोन दिसायला लागतात आणि आवाज तुटतो. शिवाय चालू स्थितीतले कॅमेरे दर वर्षी कमी होत आहेत.

तपासा: रेकॉर्डिंग पुसलं जाऊ नये म्हणून व्हीएचएसच्या कडेची प्लास्टिकची कळी तोडलेली आहे का? मिनीडीव्ही आणि आठ मिलिमीटरवरचा सरकता खटका रेकॉर्डिंग बंद करणाऱ्या बाजूला आहे का? आत्ताच करून टाका, नंतर विसरतं.

## २. बुरशी, ओल आणि तुटलेली फीत

खाडीकाठच्या हवेत कॅसेटची खरी शत्रू बुरशी. कॅसेटच्या खिडकीतून फितीच्या गुंडाळीची कड टॉर्चने तिरकी बघा. कड काळसर, सपाट, चकचकीत हवी. पांढरे किंवा पिवळट ठिपके, कोळिष्टकासारखे धागे, पीठ भुरभुरल्यासारखी कड दिसली की ती बुरशी. कुबट वास ही दुसरी खूण. अशी कॅसेट लगेच झिपच्या पिशवीत वेगळी ठेवा.

सावध: बुरशीची कॅसेट चांगल्या यंत्रात एकदा जरी चालवली तरी तिचे कण हेडवर (फीत वाचणाऱ्या भागावर) आणि आतल्या रुळांवर बसतात आणि पुढच्या प्रत्येक कॅसेटला लागतात. अशा कॅसेटसाठी वेगळं, गेलं तरी चालेल असं यंत्र लागतं. नाहीतर त्या जाणकार प्रयोगशाळेकडेच द्या. हाताळताना एन-९५ मास्क आणि हातमोजे घाला.

उन्हात वाळवायचा मोह अनेकांना होतो. पापड उन्हात घालतात, कॅसेट नाही. कवच वाकतं आणि फीत सुरकुतते. ओलसर कॅसेट घट्ट झाकणाच्या डब्यात सिलिका जेलसोबत ठेवा, जेल ओलं झालं की बदला आणि यात दोन-तीन आठवडे जाऊ द्या. सगळं कॅप्चरचं, म्हणजे फीत संगणकात उतरवायचं, काम शक्यतो नोव्हेंबर ते फेब्रुवारीत करा. जुलैमध्ये वाशीच्या घरात कॅसेट उघड्यावर ठेवणं म्हणजे बुरशीला आवतण. एसीच्या खोलीतून बाहेर काढलेली कॅसेट लगेच लावू नका, तिच्यावर दव धरतं. ज्या खोलीत काम करायचं त्या खोलीत ती एक दिवस तशीच राहू द्या.

तुटलेली फीत सेलोटेपने जोडू नका. सेलोटेपचा गोंद पाझरतो आणि व्हिडिओ हेडला चिकटतो. फितीसाठीच बनलेल्या जोडपट्टीनेच जोड द्यायचा, आणि तोही सवय असलेल्या माणसाकडून. कवच फुटलं असेल तर मात्र काम सोपं आहे. व्हीएचएसचं कवच स्क्रूंनी उघडतं. आतल्या दोन्ही चकत्या दुसऱ्या चांगल्या कवचात बसवा. उघडण्यापूर्वी फितीचा मार्ग दाखवणारा फोटो काढून ठेवा.

## ३. यंत्र आधी तपासा, कॅसेट नंतर

व्हीएचएससाठी हाय-फाय स्टिरिओचा व्हीसीआर घ्या. एस-व्हीएचएस आणि आत टाइम बेस करेक्टर (ओळींची वेळ सावरणारा भाग) असलेला मिळाला तर सोन्याहून पिवळं. जुन्या फितीतून प्रत्येक ओळ थोड्या मागेपुढे वेळेत येते. टीव्ही ते सांभाळून घेतो. कॅप्चर कार्ड सांभाळत नाही आणि फ्रेम गाळतं. तसा व्हीसीआर नसेल तर जुन्या डीव्हीडी रेकॉर्डरमधून सिग्नल नुसता पुढे जाऊ द्यायचा, रेकॉर्ड करायचा नाही. काही मॉडेलमध्ये याने चित्र बऱ्यापैकी स्थिरावतं.

हेडची सफाई: ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोल आणि शॅमॉय कातड्याची पट्टी. पट्टी ड्रमला (हेड बसवलेल्या फिरत्या नळकांड्याला) हलकी टेकवून स्थिर धरा आणि ड्रम वरून हाताने फिरवा. पट्टी वर-खाली घासली तर हेड तुटतं. कापसाची काडी इथे कधीच नाही, तिचे धागे हेडमध्ये अडकतात. रुळ आणि आवाजाचं स्थिर हेड पुसायला ती चालते. दहा मिनिटं सुकू द्या. मग गेली तरी दुःख नाही अशी एखादी सिनेमाची कॅसेट दहा मिनिटं चालवा, बाहेर काढा आणि फितीची कड बघा. नवी चुणी, नवी रेघ दिसली तर यंत्र दुरुस्तीला.

जोडणीत अँटेनाची वायर टाळा. व्हीएचएसला पिवळी आरसीए पिन, आणि एस-व्हीएचएस किंवा हाय-एटला एस-व्हिडिओ.

सावध: बाजारात पिवळी पिन घेऊन एचडीएमआय बाहेर देणारी छोटी डबी मिळते. ती चित्र १०८० करून देते म्हणून लोक खूश होतात. ती आतल्या आत ओळी मिसळते, चित्र ताणते, आणि ढोलकीवाल्याचा हात धुरकट होतो. मास्टर, म्हणजे जपायच्या मूळ डिजिटल प्रतीसाठी, ती वापरू नका. मूळ पाल चित्र ७२० बाय ५७६ चं असतं आणि तेवढंच घ्यायचं.

मिनीडीव्ही आणि डिजिटल-एटला पिवळी पिन लावायचीच नाही. त्या फितीवर आकडेच आहेत, ते फायरवायर नावाच्या जोडणीने जसेच्या तसे उतरवायचे. कॅमेऱ्यावरचं यूएसबी बहुतेक मॉडेलमध्ये फक्त मेमरी कार्डावरच्या फोटोंसाठी असतं. फायरवायर कार्ड असलेला जुना डेस्कटॉप मिळवा. वायर लावताना कॅमेरा आणि संगणक दोन्ही बंद ठेवा. मोठी सहा पिनांची बाजू उलटी घुसली तर कॅमेऱ्याचं पोर्ट कायमचं जातं.

संगणकात वाय-फाय, अँटिव्हायरस आणि झोपायची सेटिंग बंद करा. यूपीएस हवाच. महावितरणचा शटडाउन कॅसेटच्या मध्यावर आला तर फाइलही जाते आणि फीतही ड्रमभोवती अडकून राहते.

## ४. कॅप्चर

आधी कॅसेट एकदा शेवटपर्यंत पुढे आणि पुन्हा पूर्ण मागे घ्या. वर्षानुवर्षं एकाच ताणात बसलेली गुंडाळी त्याने सैल होऊन सारखी बसते. किंचाळल्यासारखा आवाज आला किंवा वेग अडखळला तर तिथेच थांबा.

व्हीएचएस आणि हाय-एटसाठी फाइल अशी ठेवा: एमकेव्हीमध्ये एफएफव्ही-१, रंग ४:२:२, सेकंदाला २५ फ्रेम, इंटरलेस (एकाआड एक ओळींचं चित्र) जसं आहे तसं. आवाज पीसीएम, ४८ किलोहर्ट्झ, शक्यतो २४ बिट. एफएफव्ही-१ काहीही न टाकता फाइल लहान करतं. न दाबलेला ८ बिटचा व्हिडिओ तासाला साधारण ७५ जीबी घेतो. यात तो २५ ते ४५ जीबीत बसतो. मिनीडीव्ही आणि डिजिटल-एटवरून उतरलेली डीव्ही फाइल तासाला सुमारे १३ जीबी. ते डीव्हीच ठेवा, बदलू नका. तीस व्हीएचएस, सरासरी दोन तास धरा, तर ३५ जीबीच्या हिशेबाने २,१०० जीबी झाले. ४ टीबीच्या डिस्क घ्या. डिस्क एनटीएफएस किंवा एक्सफॅट हवी. फॅट-३२ मध्ये ४ जीबीपेक्षा मोठी फाइल मावत नाही, आणि पेन ड्राइव्हवर काम करणाऱ्यांचं कॅप्चर नेमकं तिथेच तुटतं.

आवाजावर जास्त वेळ द्या. गाण्याच्या रेकॉर्डिंगमध्ये नुकसान इथेच होतं आणि व्हिडिओवाले नेमके इथेच कान देत नाहीत.

व्हीएचएसवर आवाजाच्या दोन वेगळ्या जागा असतात: फितीच्या कडेला साधा लिनिअर ट्रॅक, आणि चित्राखाली खोल लिहिलेला हाय-फाय. शूटिंगवाल्याने नंतर वरून सिनेमातलं गाणं ‘डब’ केलं असेल तर ते लिनिअरवर जातं. मूळ रेकॉर्डिंग हाय-फाय यंत्रावर झालेलं असेल तर खाली खरा कार्यक्रम शाबूत असतो! व्हीसीआरचं आवाजाचं बटण दोन्हीकडे फिरवून दोन्ही ऐका. लिनिअरवर फक्त गुरगुर आणि हाय-फायवर स्वच्छ आवाज, किंवा बरोब्बर उलटं, असंही होतं. दोन्हींत काही असेल तर दोनदा कॅप्चर करा. मिनीडीव्हीतही तसंच: १२ बिटवर केलेल्या शूटिंगमध्ये आवाजाचे दोन जोड असतात आणि दुसरा जोड बहुतेक सॉफ्टवेअर दाखवतच नाही. मूळ डीव्ही फाइल ठेवली तर चारही वाहिन्या राहतात.

आवाजाची पातळी ढोलकीच्या थापेवर आणि झांजेवर लावा, गायकावर नाही. सगळ्यात जोराचा ठोका उणे १२ ते उणे ६ डेसिबलच्या मध्ये हवा. सगळी आपोआप पातळी ठरवणारी सेटिंग बंद ठेवा. ती चालू असेल तर ठोक्यानंतर गायकाचा आवाज खाली दबतो आणि दोन सेकंदांनी फुगून वर येतो. चित्रासाठी दोन मिनिटं चाचणी घ्या. मंचावरच्या हॅलोजनमुळे पांढरे फेटे आणि धोतरं जळाल्यासारखी दिसतात. कॉन्ट्रास्ट तेवढा उतरवा की पांढऱ्यात घड्या दिसतील. मग हात लावायचा नाही.

रेकॉर्डिंग चित्र सुरू होण्याआधी चालू करा आणि फीत संपेपर्यंत थांबू नका. मध्ये पाच मिनिटं निळा पडदा आला म्हणून बंद करू नका. त्याच कॅसेटवर पुढे दुसऱ्या वर्षीची जत्रा निघते. खालच्या कडेची थरथरणारी पट्टी मास्टरमध्ये कापू नका. ती सगळ्याच व्हीएचएसला असते.

डीव्हीमध्ये चौकोन आले तर हेड साफ करून तीच कॅसेट पुन्हा वाचा. डीव्हीरेस्क्यू नावाचं फुकट साधन दोन-तीन वाचनांतल्या चांगल्या फ्रेम निवडून एक फाइल करतं. एलपी मोडमध्ये (फीत सावकाश फिरवून) झालेलं शूटिंग ज्या कॅमेऱ्यावर झालं त्याच्यावरच अनेकदा नीट चालतं. तो कॅमेरा शोधा.

तपासा: कॅसेट बाहेर काढण्याआधी फाइल सुरुवातीला, मध्ये आणि शेवटी बघा. झांज आपटताना हात आणि आवाज एकत्र येतात का? एक फ्रेम म्हणजे ४० मिलिसेकंद. सुरुवातीला जुळून शेवटी दोन-तीन फ्रेम सरकलं असेल तर फ्रेम गळल्या आहेत, कॅप्चर पुन्हा करा. गाळलेल्या फ्रेमचा आकडा सॉफ्टवेअर दाखवतं. तो शून्य हवा.

## ५. नोंद: हे काम गाणाऱ्याचंच

कुठलीही लॅब चित्र उतरवून देईल, पण मंचावर डावीकडून तिसरा कोण ते तिला माहीत नसतं. कॅप्चर चालू असताना शेजारी बसा आणि वेळ लिहीत जा. प्रत्येक गाण्यासमोर: मिनिट-सेकंद, ध्रुवपदाची पहिली ओळ जशी गायली तशी, रचना कोणाची, चाल कुठली, मुख्य आवाज, कोरस, ढोलकी, बाकी साथ. आगरी किंवा कोळी बोलीतला शब्द ‘सुधारू’ नका. लग्नातला धवला गाणाऱ्या बाईला गावात ज्या नावाने हाक मारतात ते नावही लिहा, कागदावरचं नाव माहीत असलं तरी. गाण्यांमधलं बोलणंही नोंदवा: कोणी सूर दिला, कोणी शब्द बदलला.

कॅमेऱ्याने चित्रावर छापलेल्या तारखेवर विश्वास ठेवू नका. घड्याळ कोणी लावलेलंच नसायचं आणि सगळ्या वर्षांत १ जानेवारी दिसतो. मागचे बॅनर वाचा. ठाणे महानगरपालिका १९८२ मध्ये आणि नवी मुंबई महानगरपालिका १९९२ मध्ये झाली, म्हणजे बॅनरवर ते नाव असेल तर कार्यक्रम त्यानंतरचा. गडकरी रंगायतनचा मंच असेल तर १९७८ नंतरचा. निमंत्रणपत्रिका, वर्गणीची पावतीपुस्तकं काढा. नक्की नसेल तिथे ‘अंदाजे १९९४’ असं लिहा, नुसतं १९९४ नको.

जाणत्या मंडळींना टीव्हीवर हलकी प्रत दाखवा आणि ते बोलतील ते मोबाइलवर रेकॉर्ड करा. हे लवकर करा. कॅसेट दोन वर्षं थांबेल.

## ६. फाइलची नावं आणि प्रती

फाइलच्या नावात रोमन अक्षरं आणि आकडेच ठेवा: आधी वर्ष-महिना-दिवस, मग कॅसेटचा नंबर, मग भाग. जागा सोडू नका, अधोरेषा वापरा. देवनागरी नावं काही जुन्या यंत्रांत चौकोन होऊन बसतात. देवनागरीतली पूर्ण माहिती त्याच फोल्डरमधल्या साध्या मजकुराच्या फाइलमध्ये.

मास्टरला कोणी हात लावायचा नाही. बघण्यासाठी वेगळी एमपी-फोर करा: ओळी सुटवून सेकंदाला ५० फ्रेम, ७६८ बाय ५७६. गाणी कापायची, आवाज साफ करायचा, ते याच प्रतीवर. एआयने चेहरे ‘स्पष्ट’ करून दिलेली प्रत कार्यक्रमाच्या मोठ्या पडद्यावर चालेल, पण ते चेहरे यंत्राने रंगवलेले असतात. आजोबांचं नाक बदललेलं असतं. तिला संग्रहात जागा नाही.

प्रत्येक फाइलचा चेकसम (फाइल बदलली का ते सांगणारी खूण) काढून ठेवा, एमडी-५ पुरतो. तीन प्रती करा: दोन वेगळ्या डिस्कवर, तिसरी दुसऱ्या घरात, शक्यतो दुसऱ्या शहरात. तळमजल्यावरचं कपाट नको. २६ जुलै २००५ नंतर हे ठाण्यात कोणाला समजावून सांगायला नको. वर्षातून एकदा डिस्क लावून चेकसम जुळवा. खंडेनवमीला वाद्यं पूजेला काढताच, त्याच दिवशी डिस्कही काढा.

## ७. यूट्यूबवर टाकण्याआधी

कॉपीराइट कायदा १९५७ च्या कलम ३८ नुसार गायक-वादकांचा आपल्या सादरीकरणावर ५० वर्षं हक्क असतो. रचनाकाराचा हक्क त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षं चालतो. पैसे देऊन शूटिंग करून घेतलं असेल आणि वेगळा करार नसेल, तर चित्रणाचा पहिला मालक साधारणपणे ते करवून घेणारा असतो. तरीही शूटिंगवाल्याचं नाव द्याच.

गायकांकडून, हयात नसतील तर वारसांकडून लेखी संमती घ्या. तीन गोष्टी वेगळ्या विचारा: जपून ठेवायला, कार्यक्रमात दाखवायला, इंटरनेटवर टाकायला. जपायला सगळे हो म्हणतात, तिसऱ्याला अनेकदा नाही. हळदीच्या रात्रीचं चित्रण घरच्या बायकांना न विचारता वर टाकू नका, त्या गाण्यांतले टोमणे चार भिंतींतलेच असतात. सिनेमाच्या चालीवर बांधलेल्या गाण्यावर यूट्यूब दावा लावू शकतं. वाद घालण्याआधी चाल खरंच कोणाची ते तुमच्या नोंदवहीत बघा.

## ८. मूळ कॅसेट आणि बाहेर दिलेलं काम

कॅसेट टाकू नका. पूर्ण मागे गुंडाळून, डबीत घालून, पुस्तकासारख्या उभ्या ठेवा आणि सोबत सिलिका जेल. मंडळाच्या पेटीत साउंड बॉक्सला खेटून ठेवायची सवय मोडा. स्पीकरमधलं चुंबक फितीवरचं पुसू शकतं.

काम बाहेर दिलंत तर पावतीवर एवढं लिहून घ्या: एफएफव्ही-१ किंवा मूळ डीव्ही फाइल, इंटरलेस तसंच, काटछाट आणि टायटल नाही, दोन्ही आवाजाचे ट्रॅक, गळालेल्या फ्रेमचा आकडा, आणि सगळ्या कॅसेट नंबरानिशी परत. ‘इतकं कोणी करत नाही’ असं उत्तर आलं तर दुसरीकडे विचारा. आणि सगळी पिशवी एकदम देऊ नका. सगळ्यात कमी महत्त्वाची एक कॅसेट आधी द्या, फाइल घरी आणून झांजेची चाचणी घ्या, मग पुढच्या पाच.